झाँ-बातिस्त : एका जोडनांवाची कथा

बारशाच्या दिवशीं पाळण्याभोंवतीं जो गोड कलह होतो, तो जगाच्या पाठीवर सर्वत्र सारखाच आहे. आजोबांचें नांव चालवावयाचें कीं नवें ठेवावयाचें, या प्रश्नावर घरांतील वडीलधारीं माणसें हटून बसतात. आणि ज्याच्यासाठीं हा सगळा वाद, तें मूल मात्र स्वस्थ झोंपलेलें असतें. अशाच एका वादाची हकीकत बायबलाच्या नव्या करारांत, लूकच्या शुभवर्तमानाच्या पहिल्याच अध्यायांत आली आहे. जखऱ्या नांवाचा एक वृद्ध याजक आणि त्याची पत्नी अलीशिबा यांना उतारवयांत पुत्र झाला. आठव्या दिवशीं नांव ठेवण्यासाठीं शेजारीपाजारी आणि सोयरेधायरे जमले. बापाचेंच नांव मुलास द्यावें, असा सर्वांचा आग्रह. आई म्हणाली, नाहीं, याचें नांव योहान. तुमच्या गोतांत हें नांव कोणाचेंहि नाहीं, असा लोकांनीं आक्षेप घेतला आणि खुणा करून बापास विचारलें. कारण जखऱ्याची वाचा त्या वेळीं बंद झाली होती. त्यानें पाटी मागविली व तीवर योहान हेंच नांव लिहिलें. त्या क्षणीं त्याची वाचा मोकळी झाली, असें लूक सांगतो.

गोतांत कोणाचेंहि नसलेलें हें नांव पुढें साऱ्या युरोपाच्या गोतांत शिरलें, आणि फ्रान्स देशांत तर इतकें बोकाळलें कीं त्याला ओळखण्यासाठीं दुसऱ्या शब्दाचें ठिगळ लावावें लागलें. तें जोडनांव म्हणजे ‘झाँ-बातिस्त’.

प्रथम त्याचा अर्थ पाहूं. पहिला अवयव ‘झाँ’. त्याचें मूळ हिब्रू रूप ‘योहानान’. या शब्दाच्या आरंभीं यहुदी लोकांच्या परमेश्वराच्या नांवाचा संक्षेप आहे आणि उत्तरार्धाचा अर्थ ‘कृपा केली’ असा आहे. ‘परमेश्वरानें कृपा केली’ हा एका नांवांत सामावलेला संपूर्ण वाक्यार्थ होय. आणि वांझपणाचें दुःख भोगलेल्या त्या वृद्ध दांपत्यानें हेंच नांव कां धरून ठेविलें, तें यावरून सहज ध्यानांत येतें. ग्रीकांनीं त्याचें ‘योआनीस’ केलें, लॅटिन भाषेनें ‘योहानेस’ केलें. पुढें ज्या ज्या देशांत तें गेलें, त्या त्या देशाच्या जिभेनें त्याला आपल्या वळणावर घासून घेतलें. इंग्रजांचा जॉन, स्पॅनिश हुआन, इटालियन जोव्हान्नी, रशियन इव्हान, जर्मन हान्स हीं सारीं एकाच नांवाचीं रूपें. अरबी भाषेंत याच पुरुषाला यह्या म्हणतात. फ्रेंचांनीं मध्ययुगांत ‘जेहान’ असें लिहिलें आणि अखेरीस तें एका अनुनासिक अवयवावर आणून ठेविलें. तीन अवयवांचा मूळ शब्द झिजतां झिजतां एका श्वासाएवढा राहिला.

दुसरा अवयव ‘बातिस्त’. हें मुळांत नांवच नव्हे. ही एका माणसाची पदवी आहे. ग्रीक भाषेंत बुडविणें या अर्थाची जी क्रिया आहे, तिच्यापासून ‘बाप्तिस्तीस’ म्हणजे ‘बुडविणारा’ हा शब्द निघाला. योहान मोठा झाल्यावर यार्देन नदीच्या कांठीं उभा राहून पश्चात्ताप पावलेल्या लोकांना पाण्यांत स्नान घालीत असे. ख्रिस्तालाहि त्यानेंच स्नान घातलें. म्हणून लोक त्याला स्नान घालणारा योहान म्हणूं लागले. मराठी बायबलांत ‘बाप्तिस्मा करणारा योहान’ असे शब्द आहेत. लॅटिनमध्यें तो ‘बाप्तिस्ता’ झाला आणि फ्रेंचांत ‘बातिस्त’. फ्रेंच लोक लिहितांना मधला ‘प’ न चुकतां लिहितात आणि उच्चारतांना न चुकतां गिळतात. शब्दाचें कूळ लेखणीनें राखलें, जिभेनें सोडून दिलें.

आतां हे दोन अवयव एकमेकांस कां जोडले गेले? याचें उत्तर भक्तींत जितकें आहे, तितकेंच अडचणींत आहे. ख्रिस्ती धर्मपरंपरेंत योहान एक नाहीं, दोन महत्त्वाचे आहेत. एक हा स्नान घालणारा, आणि दुसरा ख्रिस्ताचा शिष्य, ज्याच्या नांवावर चौथें शुभवर्तमान आहे. नुसतें ‘झाँ’ म्हटलें, तर मुलाचा पाठिराखा संत कोणता, हें कळावयास मार्ग नाहीं. शिवाय ट्रेंट येथील धर्मपरिषदेनंतर १५६६ सालीं जी प्रश्नोत्तरी प्रसिद्ध झाली, तिनें मुलांस संतांचींच नांवें ठेवावीं असा उपदेश केला. त्यापूर्वींच, १५३९ सालीं, पहिल्या फ्रान्स्वा राजानें व्हिलेर-कोत्रे येथें काढलेल्या फर्मानानें प्रत्येक पॅरिशमध्यें बाप्तिस्म्याची नोंदवही ठेवण्याची सक्ति केली होती. म्हणजे एकीकडे नांवांचा सांठा आंखडत गेला, आणि दुसरीकडे प्रत्येक माणूस कागदावर वेगळा ओळखतां यावा, ही गरज वाढली. एकाच गल्लींत दहा झाँ, एकाच घरांत दोन झाँ, अशी स्थिति आली. दुसरा शब्द जोडण्यावांचून गत्यंतर नव्हतें.

हा केवळ तर्क नव्हे. फ्रेंच रंगभूमीचा शिरोमणि जो मोलिएर, त्याचें उदाहरण प्रसिद्ध आहे. १५ जानेवारी १६२२ या दिवशीं पॅरिसच्या सेंत-युस्ताश या देवळांत त्याचा बाप्तिस्मा झाला, तेव्हां वहींत ‘झाँ पोकलँ’ एवढेंच नांव चढलें. पुढें त्याला धाकटा भाऊ झाला, त्याचेंहि नांव झाँ ठेवण्यांत आलें. मग घरांत थोरल्याला झाँ-बातिस्त म्हणूं लागले. ‘मोलिएर’ हें नांव त्यानें पुढें नाटकासाठीं स्वतःच घेतलें. दुसरें उदाहरण बेर्नादोत याचें. १७६३ सालीं फ्रान्सच्या दक्षिणेस पो या गांवीं एका मध्यमस्थितींतील कायदेपंडिताच्या घरीं तो जन्मला. थोरल्या भावाचें नांव आधींच झाँ-एव्हांझेलिस्त, म्हणजे शुभवर्तमानकार योहान. तेव्हां धाकटा झाला झाँ-बातिस्त. एका घरांत दोन योहान आणि दोघांचे दोन संत. जोडनांवाचें कारण याहून स्पष्ट कोठें सांपडणार? हाच बेर्नादोत नेपोलियनचा सेनापति झाला व १८१८ सालीं स्वीडनच्या गादीवर बसला. स्वीडनचा युवराज झाल्यावरच त्यानें कार्ल योहान असें नांव धारण केलें होतें; भावापासून निराळा ओळखूं यावा म्हणून जोडलेला ‘बातिस्त’ राजाला नको झाला. त्याचें घराणें स्वीडनमध्यें आजहि राज्य करीत आहे.

येथें लहानशा जोडरेघेविषयीं दोन शब्द सांगणें अवश्य आहे. फ्रान्समध्यें एका माणसास तीन-चार नांवें असणें मुळींच नवलाचें नाहीं. परंतु तीं सुटीं असतात आणि हांक मारावयाला त्यांतील एकच घेतात. जोडरेघ आली कीं दोन शब्दांचें एक नांव होतें. झाँ-बातिस्त याला नुसता ‘झाँ’ म्हणून हांक मारणें म्हणजे रामचंद्राला ‘चंद्र’ म्हणण्यासारखें आहे.

या संताचा वार्षिक सण २४ जूनला येतो. बहुतेक संतांचा स्मरणदिन त्यांच्या मृत्यूचा असतो. योहानाचा मुख्य सण मात्र जन्माचा आहे. लूकच्या कथेप्रमाणें तो ख्रिस्ताहून सहा महिन्यांनीं वडील, म्हणून नाताळाच्या सहा महिने आधीं त्याचा जन्मदिन धरिला. युरोपांत हे वर्षांतील सर्वांत मोठे दिवस. फ्रान्सच्या खेड्यापाड्यांतून त्या रात्रीं होळ्या पेटवितात. याच संताचा हाच सण गोमंतकांत ‘सांजांव’ या नांवानें येतो. परंतु तेथें पावसाच्या सरी कोसळत असतात आणि विहिरी तुडुंब भरलेल्या असतात. डोक्यावर फुलांपानांचे मुकुट घालून तरुण विहिरींत उड्या घेतात. फ्रान्सच्या वाट्यास संताचा अग्नि आला, गोमंतकाच्या वाट्यास त्याचें पाणी. आणि नांवाच्या मूळ अर्थाशीं गोमंतकच अधिक जवळ राहिला, असें म्हणावयास हरकत नाहीं.

सतराव्या शतकांत हें जोडनांव केवढें मातलें होतें, तें पाहावयाचें असेल, तर १६७० सालच्या सुमारास चौदाव्या लुईच्या दरबारांत डोकवावें. राज्याचा खजिना व व्यापार सांभाळणारा मंत्री कोलबेर, त्याचें नांव झाँ-बातिस्त. राजाच्या संगीताचा अधिपति ल्युली, त्याचेंहि तेंच. तो मूळचा फ्लॉरेन्सचा जोव्हान्नी बात्तिस्ता. १६६१ सालीं तो फ्रेंच प्रजाजन झाला आणि नांवहि फ्रेंच झालें. नाटककार मोलिएर तर सांगितलाच. ऑक्टोबर १६७० मध्यें शांबोर येथील राजवाड्यांत राजापुढें ‘ल बुर्ज्वा जांतियोम’ हें नाटक झालें. त्याचे संवाद एका झाँ-बातिस्तचे आणि संगीत दुसऱ्याचें. ज्याला उमराव होण्याचें वेड लागलें आहे अशा एका कापडव्यापाऱ्याच्या पुत्राची त्यांत थट्टा आहे.

त्याच राजाला हिंदुस्थानांतून आणलेले हिरे विकणारा जवाहिऱ्या ताव्हेर्निये, त्याचेंहि नांव झाँ-बातिस्तच. याचा तर आपल्या देशाशीं प्रत्यक्ष संबंध आला. त्यानें पूर्वेकडे सहा सफरी केल्या व त्यांचें वर्णन १६७६ सालीं छापिलें. सुरत, गोवा, गोवळकोंडा हीं त्याचीं नेहमींचीं ठाणीं. सुरतेहून गोवळकोंड्याला जाण्याचा त्यानें दिलेला एक मार्ग नवापूर, पिंपळनेर, दौलताबाद आणि तेव्हांचें औरंगाबाद, म्हणजे आजचें छत्रपति संभाजीनगर, येथून जातो. नवापूरच्या बारीक तांदुळाला कस्तुरीचा वास येतो, अशी नोंद करण्यास हा रत्नपारखी विसरला नाहीं. त्यानें नेलेला मोठा निळा हिरा लुईनें विकत घेतला. आज ‘होप’ या नांवानें जो हिरा वॉशिंग्टनच्या संग्रहालयांत आहे, तो त्यांतूनच घडविलेला. हिऱ्याचें नांव बदललें, आकार बदलला, धनी बदलले. दगड तोच राहिला. माणसाच्या नांवाचें मात्र नेमकें उलट होतें. नांव तेंच राहतें आणि त्याखालचा माणूस बदलतो.

याचा अत्यंत दारुण प्रत्यय फ्रेंच राज्यक्रांतीच्या काळांत आला. राजसत्तेबरोबर धर्मसत्ताहि उलथून टाकावयाची, असा क्रांतिकारकांचा निर्धार होता. २० सप्टेंबर १७९२ च्या कायद्यानें जन्ममृत्यूच्या वह्या धर्मगुरूंच्या हातांतून काढून नगरसभांकडे दिल्या. पुढील वर्षीं नवें पंचांग आलें. त्यांतून संत हद्दपार झाले व प्रत्येक दिवसाला एखाद्या वनस्पतीचें, जनावराचें किंवा शेतीच्या अवजाराचें नांव दिलें. संत योहानाचा २४ जून हा दिवस रोझमेरी या सुगंधी झुडपाला मिळाला, आणि दुसरा दिवस काकडीला!

त्या क्रांतीच्या राष्ट्रीय परिषदेंत निवडून आलेल्या तीन झाँ-बातिस्तांची गोष्ट या नांवाच्या इतिहासांतील सर्वांत बोलकी आहे. पहिला क्लोत्स. प्रशियाच्या मुलखांत जन्मलेला हा श्रीमंत सरदार; जन्म २४ जून १७५५ चा, म्हणजे ऐन संत योहानाच्या दिवशींचा. त्यानें सरदारकी सोडली, धर्म सोडला आणि झाँ-बातिस्त हें नांवहि सोडून प्राचीन सिथियन तत्त्वज्ञ ‘आनाकार्सिस’ याचें नांव घेतलें. आपण अखिल मानवजातीचे वक्ते आहों, असें तो म्हणे. परकीय म्हणून त्याला परिषदेंतून काढण्यांत आलें व २४ मार्च १७९४ रोजीं त्याचा गिलोटिनखालीं वध झाला. नवें नांव त्याला वांचवूं शकलें नाहीं.

दुसरा कारिए. यानें आपलें नांव टाकलें नाहीं. तें त्यानें ज्या रीतीनें वागविलें, तें सांगतांना शब्द अडखळतात. बंडखोरांचा बंदोबस्त करण्यासाठीं परिषदेनें त्याला १७९३ च्या शरदऋतूंत लुआर नदीकांठच्या नांत शहरीं धाडिलें. तेथील तुरुंग भरले, तेव्हां कैद्यांना होड्यांत भरून, रात्रीच्या अंधारांत नदीच्या मध्यावर नेऊन त्या होड्या बुडविण्यांत येऊं लागल्या. नोव्हेंबरांतील पहिल्या खेपेस सुमारें नव्वद धर्मगुरु होते. पुढें बायामुलेंहि त्यांत सांपडलीं. बुडविलेल्यांची संख्या हजारांच्या घरांत गेली. पाण्यांत बुडवून नवा जन्म देणाऱ्याचें नांव धारण करणारा हा पुरुष! परिषदेनें अखेरीस त्यालाच आरोपी केलें आणि १६ डिसेंबर १७९४ रोजीं त्याचेंहि डोकें उडालें.

तिसरा बेले. आफ्रिकेंतील सेनेगालच्या किनाऱ्याजवळ गोरे नांवाचें बेट आहे. तेथें तो जन्मला असें सांगतात. लहानपणींच गुलाम होऊन तो अटलांटिकपार सें-दोमँग, म्हणजे आजचें हैती, येथें पोंचला. स्वतःच्या श्रमांवर पैसा सांठवून त्यानें आपली मुक्तता विकत घेतली. गुलामाला बाप्तिस्मा देऊन ख्रिस्ती नांव ठेवावयाचें, हा फ्रेंच वसाहतींचा कायदाच होता. जें नांव फ्रान्सच्या मंत्र्याला मिळालें, तेंच गोऱ्या धन्यांच्या राज्यांत या कृष्णवर्णीय पुरुषाला मिळालें. ३ फेब्रुवारी १७९४ रोजीं बेलेनें पॅरिसच्या परिषदेंत सभासद म्हणून आपलें आसन घेतलें, आणि दुसऱ्याच दिवशीं परिषदेनें फ्रेंच वसाहतींतील गुलामगिरी रद्द केल्याचा ठराव केला. नेपोलियननें १८०२ सालीं गुलामगिरी पुन्हां चालूं केली आणि बेले १८०५ सालीं बंदिवासांत वारला, हें खरें. परंतु चित्रकार झिरोदे यानें १७९७ सालीं काढलेलें त्याचें भव्य चित्र आजहि पाहावयास मिळतें; त्यांत परिषदेच्या सभासदाचा पोषाख घालून तो ताठ मानेनें उभा आहे.

एकच परिषद, एकच वर्ष आणि एकच नांव. एकानें तें फेंकून दिलें, दुसऱ्यानें तें रक्ताच्या पाण्यांत बुडविलें आणि तिसऱ्यानें, ज्याला तें विचारल्यावांचून दिलें गेलें होतें, त्यानें तें उजळलें. जो शब्दकोश या नांवाचा अर्थ सांगतो, त्याला या तिघांतील भेद सांगतां येणार नाहीं.

क्रांतीचा पूर ओसरल्यावर नेपोलियनच्या अमदानींत, १ एप्रिल १८०३ रोजीं, नांवांविषयीं एक कायदा झाला. निरनिराळ्या पंचांगांत रूढ असलेलीं नांवें आणि प्राचीन इतिहासांतील प्रसिद्ध पुरुषांचीं नांवें, एवढींच नोंदवावीं; इतर नांवें अधिकाऱ्यानें स्वीकारूं नयेत. पंचांगांतील संत असे मागल्या दारानें परत आले. ज्यांना आपलें मूल इतरांहून वेगळें ओळखूं यावें असें वाटे, त्यांना नवें नांव घडवितां येईना. पण दोन जुनीं नांवें जोडतां येत. झाँ-पिएर, झाँ-क्लोद, झाँ-लुई अशा जोड्यांची विसाव्या शतकाच्या मध्यास फ्रान्समध्यें जी गर्दी उसळली, तिच्यामागें हीहि एक सोय होती. हा निर्बंध पुढें सैल होत गेला व ८ जानेवारी १९९३ च्या कायद्यानें आईबापांना निवडीचें स्वातंत्र्य मिळालें. मुलाच्या हिताला बाधक असें नांव दिसल्यास तेवढें अधिकाऱ्यानें न्यायखात्याच्या नजरेस आणावयाचें. त्याच्या आधींपासूनच झाँ-युक्त जोडनांवें मागें पडूं लागलीं होतीं. गंमत अशी कीं, त्याच सुमारास नुसतें ‘बातिस्त’ हें नांव मुलांना आवडीनें ठेवण्यांत येऊं लागलें. ओळखीसाठीं जोडलेलें ठिगळ टिकलें आणि मूळ वस्त्र पेटींत गेलें.

फ्रान्सच्या बाहेरहि या नांवानें निरनिराळे संसार थाटले. कॅनडांतील फ्रेंचभाषी लोकांत तें इतकें रुजलें कीं सामान्य फ्रेंच-कॅनेडियन माणसालाच झाँ-बातिस्त म्हणत. १९०८ सालीं पोपनें या संताला त्या लोकांचा पालकसंत म्हणून जाहीर केलें, आणि १९७७ पासून २४ जून हा क्वेबेकचा राष्ट्रीय सण आहे. बेलेच्या हैतींत तर झाँ-बातिस्त हें अनेक कुटुंबांचें आडनांव होऊन बसलें आहे.

आणि आपल्या मुंबईंत? पोर्तुगीज अमलांत वसईपासून मुंबईपर्यंतच्या ज्या मराठी कुटुंबांनीं ख्रिस्ती धर्म स्वीकारला, त्यांच्यांत या नांवाचा उत्तरार्ध पोर्तुगीज रूपानें आडनांव म्हणून आला. माझगांवच्या माथारपाखाडींत १८६४ सालीं जन्मलेले जोसेफ बॅप्टिस्टा हे लोकमान्य टिळकांचे स्नेही, बॅरिस्टर, १९१६ च्या होमरूल लीगचे अध्यक्ष आणि पुढें मुंबईचे महापौर. कामगारांचा कैवार त्यांनीं हयातभर घेतला. १९३० सालीं त्यांचें देहावसान झालें. फ्रेंचांनीं गिळलेला ‘प’ मुंबईनें त्यांच्या आडनांवांत स्पष्ट उच्चारला. आणि लोकांनीं त्याच्यामागें आपल्या घरचा एक शब्द जोडला, ‘काका’. काका बॅप्टिस्टा हेंहि एक जोडनांवच होय. तें कोणत्याहि पंचांगांत नव्हतें, कोणत्याहि वहींत प्रथम नोंदलें गेलें नाहीं. त्या माणसाचें वागणें पाहून लोकांनीं तें त्याला दिलें.

नांवाचा पूर्वार्ध आईबाप ठेवितात. योहानाच्याहि बाबतींत तसेंच झालें. जखऱ्यानें पाटीवर लिहिलें तें केवळ ‘योहान’. ‘स्नान घालणारा’ हे शब्द त्या पाटीवर नव्हते. ते तीसएक वर्षांनंतर, यार्देनच्या कांठीं त्याचें काम पाहणाऱ्या लोकांनीं जोडले.